निळ्या काठाचं भांडं

नेवा डॉकरीला देवाने दोनच गोष्टी सढळ हाताने दिल्या होत्या, आवाज आणि राग. बाकी सगळ्यात त्याने हात आखडता घेतला. अमेरिकेच्या दक्षिणेतल्या पिकार्ड गावात, कापसाच्या गिरणीच्या वस्तीत ती जन्मली, चौदाव्या वर्षी सूतखात्यात लागली, सतराव्या वर्षी कार्ल डॉकरीशी लग्न करून मोकळी झाली. चाळिशीला आली तेव्हा ती पिकार्ड हायस्कूलच्या स्वयंपाकघरात मुख्य स्वयंपाकीण होती. तीनशे गोऱ्या पोरांना रोज दुपारी जेवू घालायची. त्यावरून गावात कोणी तिला मान देत होतं अशातला भाग नाही. पण पोरं तिला घाबरायची आणि नेवाला तेवढं पुरायचं.

१९७० च्या ऑगस्टमध्ये तिच्या आवाजाला गिऱ्हाईक मिळालं. कोर्टाचा हुकूम आला की काळ्यांची शायलो शाळा बंद करा आणि तिथली चारशे मुलं पिकार्ड हायस्कूलमध्ये घ्या. गिरणीच्या मॅनेजरच्या बायकोने, कॅथकार्टबाईंनी, ताबडतोब गोऱ्या आयांची समिती काढली. कॅथकार्टबाई हातमोजे घालून, हळू बोलणाऱ्या. ओरडणं त्यांच्या घराण्यात नव्हतं. त्या कामाला नेवा होती. तिच्या हातात त्यांनी एक फलक दिला: 'आमच्या पोरांच्या ताटाला त्यांचे हात नकोत.' फलक लिहिणाऱ्या बाईंच्या स्वतःच्या पोरांच्या तोंडात जन्मापासून इस्टर नावाच्या काळ्या स्वयंपाकिणीच्या हातचाच घास गेला होता. हे तेव्हा कोणाच्या ध्यानात आलं नाही. आलं असलं तरी कोणी बोललं नाही.

शाळा सुरू झाली त्या सकाळी फाटकावर नेवा घसा ताणून उभी होती. काळ्या मुलांच्या रांगेमागून एक पन्नाशीची बाई आली. चर्चला जाताना घालतात तशी टोपी, हातात घडी केलेला एप्रन. ही आर्झेला टिम्स. शायलो शाळेच्या स्वयंपाकघराची एकोणीस वर्षांची मुख्य. शाळा बुडाली तसा तिचा हुद्दाही बुडाला आणि शिक्षण मंडळाने तिला इथे भांडी घासायला लावलं.

"ए, मागच्या दाराने जा!" नेवा ओरडली. "भांडी घासायला पुढचं दार कशाला लागतं?"

आया खो खो हसल्या. आर्झेला थांबली.

"तुमचं नाव काय म्हणालात, बाई?"

"नेवा डॉकरी. लक्षात ठेव."

"ठेवते," आर्झेला म्हणाली आणि मागच्या दाराकडे वळली.

त्याच आठवड्यात समिती विरघळली. कॅथकार्टबाईंनी आणि त्यांच्या मैत्रिणींनी आपापली पोरं शाळेतून काढली आणि चर्चच्या तळघरात स्वतःची खाजगी शाळा उघडली. फी अशी की गिरणी-कामगाराने नुसती ऐकावी. लढाई जिंकेपर्यंत लढू म्हणणाऱ्या सगळ्या गाडीत बसून निघून गेल्या आणि फाटकावर फलक धरून एकटी नेवा उरली. तिची पोर रॉनेल, पंधरा वर्षांची, आत काळ्या मुलींच्या शेजारी बसलेली. गाडीची काच खाली करून कॅथकार्टबाईंनी तिच्या दंडावर हात ठेवला. "रॉनेलची एक जागा मी जानेवारीपासून बिनफीची ठेवते, नेवा. माझ्यावर सोड." डॉकरींच्या घरात दहावीपर्यंत पोचलेली रॉनेल पहिलीच. ती मोठ्या घरच्या मुलींबरोबर शिकेल या एका वाक्यावर नेवाने पुढचे तीन महिने काढले.

आणि जिच्या हातचं नको म्हणून घसा बसवून घेतला, तिच्याच शेजारी रोज सकाळी सहाला उभं राहणं नशिबी आलं. तीनशेची सातशे तोंडं झाली होती. नेवाने आपलं पावाचं प्रमाण दुपटीहून जास्त केलं, तसं यीस्टही. कणीक टोपातून उतू जाऊन फरशीवर आली. पाव निघाले ते आंबट आणि दगडासारखे. गोरी पोरं ते काळ्या पोरांना फेकून मारायची, काळी पोरं उलट मारायची, आणि खायचं कोणीच नाही. मोरीपाशी आर्झेला टोप घासत बघत राहायची. तीन आठवडे हेच चाललं.

"हसतेस काय?" एकदा नेवा तिच्यावर खेकसली.

"मी कुठे हसतेय, नेवाबाई? भांडी घासतेय. तेच माझं काम ना?"

ऑक्टोबरात एके दिवशी नेवा सुजलेले डोळे घेऊन आली. कार्लची छाती गिरणीच्या कापसाने भरली होती. आडवं झालं की श्वास कोंडायचा, रात्र खुर्चीत जायची. नेवा स्वतःशीच शिव्या देत होती, गिरणीला, डॉक्टरला, कार्लला. आर्झेला मोरीकडे तोंड करूनच म्हणाली,

"पलंगाच्या उशाकडच्या पायांखाली दोन-दोन विटा ठेवा. थोडी झोप लागते."

"तुला काय माहीत?"

"माझा रॉस्को कापसाच्या गाठी फोडायच्या खात्यात होता. आमच्या लोकांना तेच एक खातं. अकरा वर्षं काढली त्याने. विटा मीच लावल्या होत्या."

"मग?"

"मग चौदा महिन्यांनी काढल्या."

नेवाने त्या संध्याकाळी विटा लावल्या. कार्ल पहाटेपर्यंत झोपला. काळ्या बाईचे आभार मानायची रीत तिच्या सात पिढ्यांत नव्हती, तेव्हा दुसऱ्या दिवशी तिने नुसता कणकेचा टोप आर्झेलाकडे सरकवला.

"हे माझं काम नाही, बाई."

"मी सांगतेय ना."

"सांगताय, की विचारताय?"

नेवाने भिंतीकडे बघितलं. सातशे पोरांची रांग लागायला तीन तास होते.

"विचारतेय," ती म्हणाली.

त्या दिवशी सातशे पाव निघाले आणि एकही परत आला नाही. पोरं नेवाची तारीफ करू लागली, मास्तरही करू लागले. नेवा ती निमूट घेत गेली. आर्झेलाने कणीक मळायची, नेवाने शाबासकी घ्यायची, असं महिनाभर चाललं. दोघी दिवसभर मीठ-पाण्यावरून, झाडूवरून, खिडकी उघडण्यावरून नणंदा-भावजयांसारख्या भांडत असत. जेवायला नेवा टेबलाशी आणि आर्झेला मागच्या दाराजवळच्या स्टुलावर. पण एकमेकींच्या नवऱ्यांबद्दल मात्र त्या रोज बोलायच्या, एकीच्या मेलेल्या आणि दुसरीच्या मरू घातलेल्या.

नोव्हेंबरात कार्ल गेला. विटा पाच आठवडे टिकल्या.

आमच्याकडे मयताच्या घरी चूल पेटत नाही. शेजारपाजारच्या बायका भांडी भरभरून आणतात, आणि भांडं परत मिळावं म्हणून बुडाला पट्टी चिकटवून तीवर नाव लिहितात. दुःखाच्या घरातसुद्धा बायका ती भांडी हळूच उलटून बघतात. कोणाकडून आलं यावर मेलेल्याची किंमत ठरते. नेवाच्या टेबलावर बारा भांडी होती, सगळी वस्तीतली. कार्लची बहीण माव्हीन ती पुन्हा पुन्हा मोजत होती.

"बावीस वर्षं खपला माझा भाऊ गिरणीत," ती सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली. "मॅनेजरच्या घरून एक वाटीसुद्धा नाही? आणि तू म्हणे त्या बाईचा उजवा हात होतीस, नेवा."

नेवाचं तोंड उतरलं. वस्तीतल्या सगळ्या बायका तिथे होत्या, आणि तिने आजवर मारलेल्या बढाया त्यांना पाठ होत्या.

तेवढ्यात मागचं दार वाजलं. दारात आर्झेला. तीच चर्चची टोपी, हातात पांढऱ्या फडक्याने झाकलेलं निळ्या काठाचं एनॅमलचं खोल भांडं. काळी बाई, मागचं दार, हातात मोठं भांडं. माव्हीनला याचा एकच अर्थ माहीत होता.

"आलं बघा!" ती म्हणाली. "कॅथकार्टबाईंकडून आलं. मी म्हटलंच होतं, विसरायच्या नाहीत त्या."

बायका उठल्या. फडकं निघालं. आत पीचचा कॉबलर, खाली शिजलेली गोड फळं आणि वर भाजलेल्या कणकेचा सोनेरी पापुद्रा, अजून वाफ निघत होती. आर्झेला उंबऱ्याबाहेर उभी राहून नेवाकडे बघत होती. खरं काय ते सांगायचं नेवाने होतं. नेवाला ते कळलं, आणि माव्हीनचा फुललेला चेहराही दिसला.

"हो," नेवा म्हणाली. "बाईंना आभार सांग हं, आर्झेला."

"सांगते," आर्झेला म्हणाली, आणि पायऱ्या उतरून गेली.

कॉबलर अर्ध्या तासात संपला. पाद्रीबाबांनी तीनदा घेतला. मोठ्या घरची चव निराळीच, असं चार बायकांनी चार तऱ्हांनी सांगितलं. नेवाने दोनदा वाढून घेतला, कारण न घेणं दिसलं असतं. भांडं तिने स्वतः धुतलं. उपडं केलं तेव्हा बुडाला पट्टी होती: आर्झेला टिम्स. तिने ती नखांनी खरवडली आणि शेगडीत टाकली. बायका भांडी उलटून बघतात ना.

पण माव्हीन नेवाच्याही पुढची निघाली. रविवारी कोणाला न विचारता ती भांडं घेऊन कॅथकार्टबाईंच्या घरी गेली. रिकामं भांडं परत द्यायचं नसतं, म्हणून आत अंजिराच्या मुरंब्याची बरणी ठेवली.

"घेतलं त्यांनी?" नेवाने विचारलं.

"घेतलं की. म्हणाल्या, अगं, एवढंसं काय त्यात."

एक घासही न पाठवलेल्या बाईने भांडं घेतलं, मुरंबा घेतला आणि आभारही घेतले.

सोमवारी स्वयंपाकघरात कणकेचा टोप नेवाच्या जागेवर ठेवलेला होता. आर्झेला मोरीपाशी.

"माझं भांडं, नेवाबाई."

"आणते. उद्या आणते. नाहीतर नवंच घेऊन देते ना, याहून चांगलं."

आर्झेलाने हात पुसले. "शायलो बंद केली त्या दिवशी मंडळाने ट्रक लावला होता. पोरांनी जिंकलेले कप, ढाली, भिंतीवरचे फोटो, सगळं गावाबाहेरच्या कचऱ्याच्या खड्ड्यात ओतलं. मी उतरले त्या खड्ड्यात, या गुडघ्यांनी. एवढं एक भांडं वर आणता आलं. एकोणीस वर्षं मी पोरांना त्यातून वाढलं. तुमच्या नवऱ्यासाठी दुसऱ्या कुठल्याही भांड्यात नेता आलं असतं मला."

मग तिने नळ सोडला आणि भांडी घासायला घेतली. त्या दिवशी कणीक नेवानेच मळली. पाव आंबट झाले.

मंगळवारी शाळेतून निघून नेवा टेकडीवर कॅथकार्टबाईंच्या बंगल्याशी गेली. मागच्या दाराने. गिरणीची माणसं गोरी असली तरी त्या घरी मागूनच जात, आणि नेवाला त्यात कधी काही वावगं वाटलं नव्हतं. दार इस्टरने उघडलं.

"भांड्यासाठी आलात ना?" ती हळूच म्हणाली. "आर्झेलाचं आहे ते, आमच्या चर्चमध्ये सगळ्यांना माहीत. बघत होतो आम्ही, न्यायला कोण येतंय की नाही येत."

आत जुनी समिती चहाला जमली होती. मधल्या टेबलावर निळ्या काठाच्या भांड्यात संत्री रचून ठेवली होती.

"नेवा, बिचारी गं," कॅथकार्टबाई म्हणाल्या. "आवडला ना कॉबलर? मी इस्टरला म्हटलं, पीच भरपूर घाल. आणि ऐक, रॉनेलचं नाव यादीत घातलंय मी. एक जागा राहिली होती, ती तिला."

एवढ्यावर आभार मानून घरी जाता आलं असतं. नेवाने तो विचार केला, नाही असं नाही.

"ते भांडं तुमचं नाही, बाई," ती म्हणाली. "आर्झेला टिम्सचं आहे. कॉबलर तिने केला होता. तुमच्याकडून काहीच आलं नव्हतं."

"पण तुझी नणंदच म्हणाली..."

"खोटं मी बोलले. तुम्ही ते घेतलंत, मुरंब्याच्या बरणीसकट."

एका बाईला हसू फुटलं. "अगबाई, म्हणजे तुम्ही सगळ्यांनी काळीच्या घरचं खाल्लंत?"

"आणि तुम्ही आत्ता काय खाताय?" नेवाचा फाटकावरचा आवाज परत आला. "तो केक कोणी केला? इस्टरनेच ना? विचारा की तिला."

इस्टर दारापाशी किटली धरून उभी होती. तिने मान खाली घातली. केकचे तुकडे धरलेले हात जिथल्या तिथे थांबले. कॅथकार्टबाईंनी आवाज चढवला नाही.

"इस्टर, ती संत्री फेकून दे आणि भांडं हिला दे. नेवा, जानेवारीत जागा निघेलसं मला वाटत नाही. आलीस त्याच दाराने जा."

घरी रॉनेलला कळलं तेव्हा तिने दार आपटून घेतलं. आईशी ती पुढे वर्षभर नीट बोलली नाही. एका कळकट भांड्यासाठी तू माझं आयुष्य घालवलंस, एवढंच म्हणाली. नेवाने पाव करायला घेतले, कारण भांडं रिकामं न्यायचं नव्हतं.

बुधवारी दुपारी ती रुळांपलीकडे गेली. आर्झेलाचं घर गिरणीच्या रस्त्याला लागूनच होतं, पुढे ओसरी. नेवा फाटकात घुटमळली. काळ्यांच्या घरी कुठल्या दाराने जायचं हे तिला कोणी शिकवलं नव्हतं.

"पुढून ये," ओसरीवरून आर्झेला म्हणाली. तिच्या बोलण्यातली 'नेवाबाई' गेली होती, 'तुम्ही' पण गेलं होतं.

आर्झेलाने एक पाव मोडला, हुंगला. "यीस्ट जास्त," ती म्हणाली. मग अंगणातल्या कोंबड्यांना तिने ते चोवीसच्या चोवीस पाव एकेक करून टाकले, घाई न करता. नेवा बघत राहिली.

"टेकडीवर फार बोललीस म्हणे."

"खरं तेच बोलले."

"खरंच बोललीस. काल संध्याकाळी इस्टरला कामावरून काढलं. बावीस वर्षांची नोकरी. तू शूर झालीस आणि घर तिचं बसलं. तुमच्या लोकांचं शौर्यसुद्धा आमच्याच खर्चाने."

नेवा पायरीवर बसली. हे तिच्या मनातही आलं नव्हतं. केकचं बोलताना तिला स्वतःचा आवाज फार आवडला होता.

आर्झेलाने भांडं उपडं केलं. खरवडलेल्या जागी चिकटाचा काळा डाग होता. ती आत जाऊन चिकटपट्टी आणि पेन्सिल घेऊन आली. "लिही."

नेवाने लिहिलं: आर्झेला टिम्स.

"एवढंच?"

नेवाला कळलं. काळ्या बाईच्या नावाला मानाचा शब्द लावून लिहिणं तिच्या हाताला ठाऊक नव्हतं. मग तिने त्या नावाच्या आधी, दाटीवाटीने, 'मिसेस' लिहिलं. आर्झेलाने पट्टी डोळ्यांजवळ नेऊन वाचली आणि बुडाला अंगठ्याने दाबून बसवली.

मग तिने दोन ताटल्या आणल्या. कालच्या घेवड्याच्या शेंगा, मक्याची भाकर. दोन्ही सारख्या. एक नेवाच्या मांडीवर ठेवली.

"मला भूक नाही, आर्झेला... टिम्सबाई."

"भुकेचं कोण विचारतंय? माझ्या हातचं तू दुसरीच्या नावाने खाल्लंस. आता माझ्या नावाने खा. इथे, रस्त्याकडे तोंड करून."

गिरणीचा भोंगा झाला. पाळी सुटली आणि गाड्या एकामागून एक रस्त्याला लागल्या. सूतखात्यातले, विणकामातले, सगळे नेवाच्या वस्तीतले. ओसरी दिसली की गाडी हळू व्हायची, माना वळायच्या. एका गाडीत माव्हीन होती. गाडी थांबली, काच खाली झाली.

"माझ्या भावाची माती अजून ओली आहे," माव्हीन म्हणाली आणि थुंकली. थुंकी पायरीपर्यंत पोचली नाही.

शेंगा गार झाल्या होत्या.

"संपव," आर्झेला म्हणाली. तिने स्वतःची ताटली केव्हाच संपवली होती.

नेवाने भाकरीच्या तुकड्याने ताटली पुसून खाल्ली. मग म्हणाली, "इस्टरला आपल्याकडे घ्यायला सांगू का मंडळाला?"

"विचारतेस काय? आवाज आहे ना तुला?"

मंडळाच्या बैठकीत नेवा ओरडली. मंडळ म्हणालं, नवीन जागा नाही. मग आहे त्या दोन पगारांत आम्ही तिघी भागवू, भांड्यांची जागा मला द्या, इस्टरला स्वयंपाकाला घ्या आणि आर्झेला टिम्सला मुख्य करा, असं ती म्हणाली. टेकडीवरची हकिगत मंडळींच्या कानावर होतीच. त्यांना न्याय वगैरे काही करायचा नव्हता. नेवाची खोड मोडायची होती, म्हणून त्यांनी ते हसत हसत मंजूर केलं.

नेवाने त्या मोरीपाशी अकरा वर्षं काढली. चर्चमध्ये तिच्या बाकावर कोणी बसत नसे, आणि दगडांनी फुटलेल्या खिडकीच्या काचा तिने दोनदा बदलल्या. जेवायला तिघी एकाच टेबलाशी बसायच्या. आर्झेला टिम्सने तिला कधी माफ केल्याचं सांगितलं नाही आणि एक दिवसही सूट दिली नाही. नेवाने घासून पालथा घातलेला प्रत्येक टोप ती उचलून उजेडात धरायची, बोट फिरवायची.

"काठ राहिला," म्हणायची.

नेवा टोप परत घ्यायची आणि घासायची.